गुप्त पैशाचा माग आणि माहितीपटाची साक्ष : ॲलन फ्रँकोविच यांच्या चित्रकृतींचा इतिहाससाधन म्हणून विचार

राजकीय अतिरेकी संघटनांचा इतिहास लिहिताना अभ्यासकाला त्यांची पत्रके, जाहीरनामे, वृत्तपत्रांतील बातम्या आणि खटल्यांचे निकाल उपलब्ध होतात. उपलब्ध होत नाही तो त्यांचा जमाखर्च. बॉम्ब कोणी ठेवला हे काही वेळा न्यायालयात सिद्ध होते. परंतु त्या माणसाचे घरभाडे, प्रवासखर्च, बनावट पारपत्र आणि फरारी अवस्थेतील वर्षानुवर्षांचा चरितार्थ कोणाच्या पैशावर चालला, हा प्रश्न बहुधा अनुत्तरितच राहतो. असा पैसा पावतीवाचून दिला जातो, मध्यस्थांच्या हातून जातो आणि देणारा व घेणारा दोघेही मौन पाळतात. साहजिकच इतिहासकार या प्रश्नाला वळसा घालून पुढे जातो. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ज्यांनी हा वळसा घातला नाही, त्यांत अमेरिकन माहितीपटकार ॲलन फ्रँकोविच यांचा समावेश करावा लागेल. १९८० ते १९९४ या काळात त्यांनी लॅटिन अमेरिका आणि पश्चिम युरोप येथील राजकीय हिंसाचारामागील गुप्तचर संस्था, त्यांचे हस्तक आणि त्यांचा पैसा यांचा चित्रीकरणाच्या माध्यमातून शोध घेतला. प्रस्तुत लेखात या माहितीपटांतील साक्षींचे इतिहाससाधन म्हणून मूल्य तपासण्याचा प्रयत्न केला आहे.

मराठी वाचकाला हा प्रश्न अपरिचित नाही. वि. का. राजवाडे यांनी १८९८ मध्ये ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला, तेव्हापासून आपल्याकडील इतिहाससंशोधनाने अस्सल कागदाला अग्रपूजेचा मान दिला आणि मागाहून, कोणाच्या तरी सांगण्यावरून लिहिलेल्या बखरीला दुय्यम स्थान दिले. माहितीपटातील मुलाखत ही या दृष्टीने बखरीच्या जवळची आहे. ती घटनेनंतर अनेक वर्षांनी दिलेली असते, सांगणाऱ्याचा स्वतःचा हेतू त्यात मिसळलेला असतो आणि तिची काटछाट तिसराच कोणी करतो. मात्र एक फरक आहे. बखरकार बहुधा दुसऱ्याच्या कृत्यांविषयी लिहितो. फ्रँकोविच यांच्या कॅमेऱ्यासमोर पुष्कळदा कृत्य करणारा स्वतःच बसलेला असतो.

पूर्वायुष्य आणि ‘ऑन कंपनी बिझनेस’

फ्रँकोविच यांचा जन्म १९४१ मध्ये न्यूयॉर्क येथे झाला. बालपण मात्र पेरू देशात गेले. तेथे त्यांचे वडील खाणउद्योगात अभियंता होते. पुढे नोत्र दाम, सोरबॉन आणि बर्कली येथे त्यांचे शिक्षण झाले. अमेरिकन नागरिक असूनही लॅटिन अमेरिकेतील समाजाकडे आतून पाहण्याची जी दृष्टी त्यांच्या कामात दिसते, तिचे मूळ या बालपणात असावे.

१९८० मध्ये प्रदर्शित झालेला ‘ऑन कंपनी बिझनेस’ हा त्यांचा पहिला मोठा माहितीपट. ‘कंपनी’ हे सी.आय.ए.चे तिच्या कर्मचाऱ्यांच्या बोलीतील नाव. सुमारे तीन तासांच्या या चित्रकृतीला त्याच वर्षी बर्लिन महोत्सवात आंतरराष्ट्रीय समीक्षकांचा पुरस्कार मिळाला. फिलिप एजी, व्हिक्टर मार्चेटी आणि जॉन स्टॉकवेल हे सी.आय.ए.चे माजी अधिकारी त्यात बोलतात. हा काळ अशा कामाला अनुकूल होता, हे लक्षात घेतले पाहिजे. १९७५ मध्ये अमेरिकी सिनेटची चर्च समिती आणि प्रतिनिधिगृहाची पाईक समिती यांनी गुप्तचर संस्थांच्या कारभाराची चौकशी केली होती. पाईक समितीचा अहवाल प्रसिद्ध करू नये असा ठराव सभागृहाने केला असताना तो फेब्रुवारी १९७६ मध्ये न्यूयॉर्कच्या ‘व्हिलेज व्हॉइस’ या साप्ताहिकात छापून आला. म्हणजे पैशाच्या गुप्त व्यवहारांविषयी काही कागद तरी बाहेर आले होते आणि फ्रँकोविच यांनी मिळवलेल्या साक्षी त्या कागदांशी ताडून पाहता येत होत्या. पुढील काळात ही सोय त्यांना क्वचितच लाभली.

त्या वर्षांत अशा गुप्त पैशाची चर्चा भारतातही झाली होती. १९७३ ते १९७५ या काळात भारतातील अमेरिकेचे राजदूत असलेले डॅनियल पॅट्रिक मोयनिहान यांनी १९७८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या पुस्तकात असे लिहिले की, केरळ व पश्चिम बंगाल येथे कम्युनिस्टांचा विजय संभवत असताना अमेरिकेने दोनदा काँग्रेस पक्षाला पैसा पुरवला होता. इंदिरा गांधी यांनी याचा इन्कार केला. एका बाजूला अधिकारपदावरील व्यक्तीचे विधान, दुसऱ्या बाजूला इन्कार आणि मध्ये कागद नाही, अशी ही स्थिती होती. फ्रँकोविच यांना आयुष्यभर याच स्थितीत काम करावे लागले.

एल साल्व्हादोर : मायामीतील पैसा

१९८७ मधील ‘द हाउसेस आर फुल ऑफ स्मोक’ हा माहितीपट ग्वाटेमाला, एल साल्व्हादोर आणि निकाराग्वा या मध्य अमेरिकी देशांतील हिंसाचाराविषयी आहे. यांपैकी एल साल्व्हादोरचे उदाहरण अर्थपुरवठ्याच्या दृष्टीने सर्वांत बोधक आहे. तेथे १९७९ नंतर ‘मृत्युपथके’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या टोळ्यांनी शेतकरी संघटक, शिक्षक, धर्मोपदेशक आणि विद्यार्थी यांच्या हत्यांचे सत्र चालवले. २४ मार्च १९८० रोजी आर्चबिशप ऑस्कर रोमेरो यांना प्रार्थनाविधी चालू असताना गोळी घालण्यात आली.

या हत्येनंतर सहा आठवड्यांनी, ७ मे १९८० रोजी, सांता तेक्ला गावाजवळील एका मळ्यावर सैन्याने छापा घातला. निवृत्त मेजर रोबेर्तो दोब्युइसाँ आणि त्यांचे साथीदार तेथे सापडले. जप्त केलेल्या कागदांत कॅप्टन आल्व्हारो साराव्हिया यांची एक रोजनिशी होती. तीत शस्त्रे व दारूगोळा यांच्या मोठ्या खरेदीच्या आणि पोहोचवणीच्या नोंदी होत्या. गुप्त संघटनेच्या जमाखर्चाचे पान हाती लागण्याचा हा अत्यंत दुर्मीळ प्रसंग होय. अटक झालेले सर्व जण काही दिवसांतच सुटले, हा भाग वेगळा.

ही शस्त्रे कोणाच्या पैशाने घेतली गेली? एल साल्व्हादोरमधील अमेरिकेचे माजी राजदूत रॉबर्ट व्हाइट यांनी १९८४ मध्ये अमेरिकी काँग्रेसच्या समितीसमोर सांगितले की, जमीनसुधारणांच्या भीतीने देश सोडून फ्लोरिडातील मायामी येथे राहणारे काही धनाढ्य जमीनदार या पथकांना पैसा पुरवत होते. त्या वेळी हे विधान एका नाराज मुत्सद्द्याचा कांगावा म्हणून बाजूस सारण्यात आले. फ्रँकोविच यांचा माहितीपट आला तेव्हाही यादवी युद्ध चालूच होते आणि त्यातील साक्षींना प्रचाराचा वास येतो, असे म्हणणे सोपे होते. १५ मार्च १९९३ रोजी संयुक्त राष्ट्रसंघाच्या सत्यशोधन आयोगाचा अहवाल प्रसिद्ध झाला. रोमेरो यांच्या हत्येचा आदेश दोब्युइसाँ यांनी दिला होता, असा निष्कर्ष त्यात आहे. मायामीतील निर्वासितांच्या गटाने काही मृत्युपथकांना थेट अर्थसाहाय्य केले, असे आयोगासमोर आलेल्या साक्षींच्या आधारे नमूद करून, अमेरिकी सरकारने या हालचालींकडे फारसे लक्ष दिले नाही, असेही आयोगाने म्हटले. अहवाल येऊन आठवडाही झाला नव्हता तोच तेथील विधिमंडळाने सर्वांना माफी देणारा कायदा केला. तो रद्द होण्यास २०१६ साल उजाडावे लागले. मायामीतून आलेल्या पैशाबद्दल कोणाला शिक्षा झाली नाही. परंतु तो आला होता हे आता केवळ एका माहितीपटाचे किंवा एका राजदूताचे म्हणणे राहिलेले नाही.

इटली : ‘ग्लादिओ’

फ्रँकोविच यांची सर्वांत महत्त्वाची कृती म्हणजे बी.बी.सी.च्या ‘टाइमवॉच’ या इतिहासविषयक मालिकेत १०, १७ आणि २४ जून १९९२ रोजी तीन भागांत दाखवण्यात आलेला ‘ग्लादिओ’ हा माहितीपट. त्याची पार्श्वभूमी थोड्या विस्ताराने पाहणे आवश्यक आहे.

दुसऱ्या महायुद्धानंतर सोव्हिएत आक्रमण झाल्यास शत्रूच्या ताब्यातील प्रदेशात राहून घातपात करता यावा, यासाठी पश्चिम युरोपातील अनेक देशांत गुप्त दले उभारण्यात आली. इटलीतील अशा दलाचे नाव ‘ग्लादिओ’, म्हणजे आखूड तलवार. १९५६ मध्ये इटलीची लष्करी गुप्तचर संस्था आणि सी.आय.ए. यांच्यात यासंबंधी करार झाला. सार्डिनिया बेटावरील कापो मार्रार्जू येथे प्रशिक्षणतळ होता आणि शस्त्रांचे १३९ साठे जमिनीत पुरून ठेवले होते. ऑक्टोबर १९९० मध्ये पंतप्रधान जुलिओ आंद्रेओत्ती यांनी संसदेसमोर या दलाचे अस्तित्व मान्य केले. सरकारने सदस्यांची जी यादी दिली तीत ६२२ नावे होती. त्यानंतर २२ नोव्हेंबर १९९० रोजी युरोपीय संसदेने ठराव करून सर्व सदस्यदेशांत चौकशीची मागणी केली. प्रत्यक्षात इटली, बेल्जियम व स्वित्झर्लंड या तीनच देशांत संसदीय चौकशी झाली.

परकीय आक्रमणाची तयारी हा कोणत्याही राष्ट्राचा अधिकार आहे, असे यावर म्हणता येईल. प्रश्न होता तो या दलाचा आणि इटलीतील नवफॅसिस्ट गटांचा संबंध होता काय, हा. १२ डिसेंबर १९६९ रोजी मिलान येथील पियात्सा फोंताना चौकातील कृषी बँकेत स्फोट होऊन १७ माणसे मेली. पोलिसांनी तत्काळ अराज्यवाद्यांना पकडले. त्यांतील जुझेप्पे पिनेल्ली हा रेल्वे कामगार तीन दिवसांनी पोलीस मुख्यालयाच्या खिडकीतून पडून मरण पावला. हा स्फोट ‘ओर्दिने नुओव्हो’ या नवफॅसिस्ट संघटनेशी संबंधित फ्रांको फ्रेदा व जोव्हान्नी व्हेंतुरा यांच्या गटाने घडवला होता, असे इटलीच्या सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये म्हटले. मात्र दोघेही पूर्वीच अंतिमतः निर्दोष सुटलेले असल्याने त्यांच्यावर पुन्हा खटला चालवता आला नाही. गुप्तचर संस्थेच्या अधिकाऱ्यांनी तपासाची दिशा चुकवल्याचे तर त्याआधीच सिद्ध झाले होते.

३१ मे १९७२ रोजी पेतेआनो येथे मोटारीत पेरलेल्या स्फोटकांनी तीन काराबिनिएरी ठार झाले. हा डाव्या अतिरेक्यांचा उद्योग समजला गेला. पुढे फेलिचे कासॉन या तरुण न्यायाधीशाने जुने दप्तर उघडले तेव्हा स्फोटकांविषयीचा तज्ज्ञाचा अहवालच खोटा असल्याचे आढळले. विंचेन्झो विंचिग्वेर्रा या नवफॅसिस्टाने १९८४ मध्ये गुन्हा कबूल केला. कासॉन यांच्या याच तपासातून गुप्तचर संस्थेच्या दप्तरखान्याचे दार उघडले आणि ग्लादिओचे नाव पुढे आले. स्फोटके ग्लादिओच्याच साठ्यातील होती काय, याविषयी मात्र मतभेद राहिले आणि ते संदेहास्पदच मानणे योग्य होय.

फ्रँकोविच यांच्या माहितीपटात या प्रकरणातील जवळजवळ सर्व पक्ष बोलतात. जन्मठेप भोगणारा विंचिग्वेर्रा बोलतो; स्त्रिया, मुले, निरपराध नागरिक यांच्यावरील हल्ल्यांचा हेतू लोकांनी भयभीत होऊन राज्यसंस्थेकडे अधिक सुरक्षेची याचना करावी हा होता, असे तो शांतपणे सांगतो. १९७१ ते १९७४ या काळात ग्लादिओचे प्रमुख असलेले जनरल जेरार्दो सेर्राव्हाले बोलतात. सी.आय.ए.चे माजी संचालक विल्यम कोल्बी बोलतात. १९५० च्या दशकात रोममध्ये असताना मध्यममार्गी पक्षांना गुप्तपणे पैसा पोहोचवण्याचे काम आपण केल्याचे कोल्बी यांनी १९७८ च्या आत्मचरित्रात आधीच लिहिले होते; मध्यममार्ग्यांना पैसा दिला, अतिरेक्यांना नाही, अशी त्यांची भूमिका होती. आणि ‘पी-२’ या गुप्त मेसन मंडळाचा प्रमुख लीचो जेल्ली बोलतो. मार्च १९८१ मध्ये त्याच्याशी संबंधित जागेवर छापा पडला तेव्हा मंत्री, सेनाधिकारी, गुप्तचर संस्थांचे प्रमुख, बँकचालक आणि संपादक यांच्या ९६२ नावांची यादी सापडली होती.

या सर्व व्यक्ती एकाच माहितीपटात असल्या तरी त्यांच्या शब्दाचे वजन सारखे नाही. याचे उत्तम उदाहरण म्हणजे ‘एफ.एम. ३०-३१ बी’ नावाची एक पुस्तिका. मित्रराष्ट्राचे सरकार कम्युनिस्टांबाबत ढिलाई करत असेल तर डाव्या अतिरेकी गटांत माणसे घुसवून हिंसाचार घडवावा, अशा आशयाची ही कथित अमेरिकी लष्करी पुस्तिका. १९८१ मध्ये जेल्लीच्या मुलीच्या सामानात तिची प्रत सापडली. ही सोव्हिएत गुप्तहेरांनी तयार केलेली बनावट पुस्तिका आहे, असे अमेरिकेचे म्हणणे होते आणि राहिले आहे. माहितीपटात जेल्ली ती आपणास सी.आय.ए.ने दिल्याचे सांगतो, सी.आय.ए.चे माजी उपसंचालक रे क्लाइन ती अस्सल असावी असे मत देतात; कोल्बी अशा पुस्तिकेविषयी आपण कधी ऐकलेच नसल्याचे सांगतात. तीन माणसे, तीन उत्तरे. फ्रँकोविच ही उत्तरे एकापाठोपाठ एक ठेवतात आणि प्रेक्षकाच्या मनात पुस्तिका अस्सल असल्याचा ठसा उमटतो. परंतु कागदाची अस्सलता कागद, शिक्के, मजकूर आणि पूर्वपरंपरा यांवरून ठरवावयाची असते. दोघे हो म्हणाले आणि एक नाही म्हणाला, एवढ्यावरून ती ठरत नाही.

याहून गंभीर उदाहरण ओसवाल्ड ले विंटर याचे आहे. ‘ग्लादिओ’मध्ये तो अमेरिकी गुप्तचर खात्याचा माजी अधिकारी म्हणून डाव्या ‘रेड ब्रिगेड्स’मधील घुसखोरीविषयी आणि बेल्जियममधील १९८० च्या दशकातील हत्याकांडांविषयी ठाम विधाने करतो. १९८० च्या अमेरिकी अध्यक्षीय निवडणुकीसंबंधीच्या एका प्रकरणात खोटी माहिती पसरवणारा म्हणून त्याचे नाव तेव्हाच पुढे आलेले होते. १९९८ मध्ये राजकन्या डायाना यांच्या मृत्यूविषयीची बनावट कागदपत्रे विकण्याचा प्रयत्न करताना तो व्हिएन्ना येथे पकडला गेला आणि त्याला शिक्षा झाली. असा साक्षीदार जेथे एकटाच आधार आहे, तेथील माहितीपटाचा भाग इतिहासकाराने निःसंकोचपणे बाजूस ठेवावा. खेदाची गोष्ट अशी की, २००४ नंतर ‘नाटो’च्या गुप्त दलांवर जे लेखन झाले, त्यांतील डानिएले गान्झर यांच्या बहुचर्चित ग्रंथात फ्रँकोविच यांच्या माहितीपटाचे संदर्भ वारंवार येतात आणि कॅमेऱ्यासमोरील विधान तळटीपेत गेले की ते पुराव्यासारखे दिसू लागते. बखरीच्या बाबतीतही आपल्याकडे हेच घडले होते.

आता पैशाचा प्रश्न. इटलीतील उजव्या अतिरेक्यांना अमेरिकेचा पैसा मिळाला काय, याविषयी सर्वांत बळकट पुरावा वर उल्लेखिलेल्या पाईक अहवालात आहे. १९७२ मध्ये राजदूत ग्रॅहॅम मार्टिन यांनी सी.आय.ए.च्या रोममधील प्रमुखाचा विरोध डावलून इटलीच्या एका वरिष्ठ गुप्तचर अधिकाऱ्याला ८ लाख डॉलर देवविले. हा अधिकारी म्हणजे लष्करी गुप्तचर संस्थेचे प्रमुख जनरल व्हितो मिचेली, हे वृत्तपत्रांनी लगेच उघड केले. मिचेली १९७४ मध्ये उजव्या कटाच्या संशयावरून अटकेत होते. पुढे ते त्यातून निर्दोष सुटले आणि १९७६ मध्ये नवफॅसिस्ट पक्षाचे खासदार झाले. हे ८ लाख डॉलर पुढे कोणाच्या हाती गेले याचा हिशेब कोठेही नाही. येथे कागद देणाऱ्यापासून पहिल्या घेणाऱ्यापर्यंत जातो आणि थांबतो. पुढची वाट केवळ अनुमानाची आहे. फ्रँकोविच ती वाट साक्षींच्या साहाय्याने चालू पाहतात. हे धाडसाचे काम होते हे मान्य केले, तरी अनुमान आणि सिद्धता यांतील सीमारेषा त्यांच्या संकलनात पुसट होते, हेही म्हटले पाहिजे.

बोलोन्या : एका कागदाची कथा

२ ऑगस्ट १९८० रोजी सकाळी १० वाजून २५ मिनिटांनी बोलोन्या रेल्वेस्थानकाच्या दुसऱ्या वर्गाच्या प्रतीक्षालयात स्फोट होऊन ८५ माणसे मृत्युमुखी पडली आणि दोनशेहून अधिक जखमी झाली. सुट्टीचे दिवस असल्याने स्थानक गर्दीने भरलेले होते. या गुन्ह्यासाठी नवफॅसिस्ट गटातील फ्रांचेस्का माम्ब्रो व व्हालेरिओ फिओराव्हांती यांची शिक्षा १९९५ मध्ये कायम झाली. दोघांनीही हा आरोप सतत नाकारला आहे. त्याच निकालात तपास चुकवल्याबद्दल जेल्ली आणि लष्करी गुप्तचर संस्थेचे अधिकारी दोषी ठरले. जानेवारी १९८१ मध्ये रेल्वेगाडीत स्फोटकांची पेटी ठेवून परदेशी गटांवर संशय वळवण्याचा प्रयत्न या अधिकाऱ्यांनी केला होता.

म्हणजे ‘ग्लादिओ’ प्रसारित झाला तेव्हा जेल्ली हा केवळ एक गूढ व बडबड्या वृद्ध होता. बोलोन्याच्या खटल्याचा अंतिम निर्णय व्हावयाचा होता. परंतु त्या वेळी एक कागद दहा वर्षे न्यायालयीन दप्तरात पडून होता. १३ सप्टेंबर १९८२ रोजी जिनिव्हा येथील बँकेतून मोठी रक्कम काढण्यासाठी गेला असता जेल्लीला अटक झाली. त्याच्याजवळ सापडलेल्या कागदांत ‘बोलोन्या’ असा मथळा आणि त्यापुढे ५२५७७९ या स्विस खात्याचा क्रमांक असलेला, रकमांच्या नोंदींचा एक कागद होता. ही कागदपत्रे बांको अंब्रोझियानो या बुडालेल्या बँकेच्या खटल्यात गेली. या बँकेचे अध्यक्ष रोबेर्तो काल्वी जून १९८२ मध्ये लंडनच्या ब्लॅकफ्रायर्स पुलाखाली फासाला लटकलेले आढळले होते. लोकांचे लक्ष बँकेच्या दिवाळखोरीकडे होते. मथळ्यातील शहराच्या नावाकडे कोणी गांभीर्याने पाहिले नाही.

ते पाहिले मृतांच्या नातेवाइकांनी. १९८१ मध्ये स्थापन झालेल्या त्यांच्या संघटनेने वकिलांच्या साहाय्याने जुनी दप्तरे चाळून अभियोग पक्षाला निवेदने सादर केली. २०१७ मध्ये बोलोन्याच्या महाअभियोक्त्याच्या कार्यालयाने तपास स्वतःकडे घेतला आणि २०२० मध्ये आरोप ठेवले. त्यानुसार जेल्ली आणि त्याचा सहकारी उंबेर्तो ओर्तोलानी हे कटाचे सूत्रधार व अर्थपुरवठादार होते, तर गृहखात्यातील बडे अधिकारी फेदेरिको उंबेर्तो दामातो आणि संपादक व माजी सिनेटर मारिओ तेदेस्की यांनी त्यांना साहाय्य केले. अंब्रोझियानोतून निघालेले सुमारे ५० लाख डॉलर या मार्गाने गेले, असे अभियोग पक्षाचे म्हणणे आहे. पावलो बेल्लिनी या नवफॅसिस्टाला ६ एप्रिल २०२२ रोजी जन्मठेप झाली आणि १ जुलै २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. पैशाविषयीचा अभियोग पक्षाचा युक्तिवाद निकालपत्राने उचलून धरला आहे. तथापि, हे चौघेही खटल्यापूर्वीच मरण पावलेले असल्याने त्यांच्याविरुद्ध निवाडा झाला नाही, हे विसरता येत नाही.

तपास करणाऱ्याचा पैसा

फ्रँकोविच यांच्या अखेरच्या माहितीपटाकडे वळल्याखेरीज हा विचार पूर्ण होत नाही. २१ डिसेंबर १९८८ रोजी स्कॉटलंडमधील लॉकरबी गावावर पॅन अमेरिकन कंपनीचे विमान बॉम्बस्फोटाने कोसळून २७० जणांचा मृत्यू झाला. नोव्हेंबर १९९१ मध्ये दोन लिबियन नागरिकांवर आरोप ठेवण्यात आले. फ्रँकोविच यांच्या ‘द माल्टीज डबल क्रॉस’ने हा आरोप अमान्य करून इराण आणि अहमद जिब्रिल यांची पॅलेस्टिनी संघटना यांच्याकडे बोट दाखवले. नोव्हेंबर १९९४ मध्ये कायदेशीर कारवाईच्या भीतीने लंडन चित्रपट महोत्सवाने तो मागे घेतला. खासदार टॅम डॅलियल यांनी तो ब्रिटिश संसदेच्या वास्तूत दाखवला आणि ११ मे १९९५ रोजी ‘चॅनल ४’ने प्रसारित केला. ले विंटर या माहितीपटातही आहे.

परंतु या माहितीपटाचा खर्च लॉनरो या कंपनीचे प्रमुख टायनी रोलंड यांनी केला होता आणि लॉनरोच्या मेट्रोपोल हॉटेलांतील एक तृतीयांश हिस्सा १९९२ मध्ये लिबियाच्या सरकारी गुंतवणूक संस्थेने विकत घेतला होता. हे ज्ञात होताच टीकाकारांनी माहितीपटातील मजकुराऐवजी त्याच्या पैशाचीच चर्चा केली. आयुष्यभर इतरांच्या पैशाचा माग काढणाऱ्या माणसावर हा प्रसंग यावा, यात दैवदुर्विलास आहे खरा. पण त्यात अन्याय आहे असे म्हणता येत नाही. जो प्रश्न मायामीतील जमीनदारांना व जेल्लीला विचारावयाचा, तोच लॉनरोला विचारणे न्याय्य आहे. फ्रँकोविच यांच्यासमोर दुसरा मार्ग फारसा नव्हता, हेही तितकेच खरे. दूरचित्रवाणी वाहिन्या अशा विषयांना कचरत आणि विद्यापीठांचे अनुदान अशा कामास मिळत नसे. माहितीपट कोणाच्या पैशाने झाला यावरून त्यातील प्रत्येक साक्ष खोटी ठरत नाही; मात्र कोणत्या साक्षी घेतल्या आणि कोणत्या वगळल्या याकडे अधिक सावधपणे पाहावे लागते. मूळ प्रकरणाचा वादही संपला नाही. २००१ मध्ये अब्देलबासेत अल मेग्राही यांना शिक्षा झाली, तरी मृतांच्या नातेवाइकांतच त्या निकालाविषयी दुमत राहिले.

एप्रिल १९९७ मध्ये ह्यूस्टन विमानतळावर सीमाशुल्क तपासणीच्या वेळी हृदयविकाराच्या झटक्याने फ्रँकोविच यांचे निधन झाले. त्यांच्या कॅमेऱ्यासमोर बसलेल्यांपैकी कोल्बी त्यापूर्वी वर्षभर आधीच वारले होते. आरोपपत्रात पुढे नावे आलेल्या चौघांपैकी तेदेस्की १९९३ मध्ये, दामातो १९९६ मध्ये आणि ओर्तोलानी २००२ मध्ये मरण पावले. जेल्ली डिसेंबर २०१५ मध्ये, वयाच्या ९६ व्या वर्षी, आरेझ्झो येथील आपल्या घरी. ‘बोलोन्या’ असा मथळा असलेला तो कागद न्यायालयात वाचला गेला, तेव्हा त्याचा अर्थ विचारावा असे कोणी उरले नव्हते. १९९२ च्या माहितीपटातील जेल्लीची मुलाखत, तीतील बढाया आणि उडवाउडवी यांसह, आज त्या कागदाशेजारी ठेवून वाचता येते.